‘मिटवून या, तोवर एक वीटही लावायची नाही’

वकीलताई, नमस्कार.

आम्ही कराड तालुक्यातले. गावठाणात आमची पावणेदोन गुंठे घरजागा आहे. वडिलांनी १९९८ साली खरेदीखत करून घेतली, तेव्हापासून घरपट्टी त्यांच्याच नावावर. जुनं मातीचं घर उतरवून यंदा नवं बांधायला काढलं. ग्रामपंचायतीची परवानगी आहे. भिंती झाल्या, सेंट्रिंग लागलं. स्लॅबच्या दिवशी सकाळी सातला दोन पोलीस आले. पूर्वेला चुलतभावाची जागा आहे, त्याने ‘माझ्या चार फुटांत घुसलेत’ असा अर्ज दिला होता. पोलिसांनी मिक्सरचं हँडल काढून गाडीत टाकलं आणि काम बंद केलं. वडील ७१ वर्षांचे. त्यांना ठाण्यात नेऊन संध्याकाळी साडेसातपर्यंत बाकड्यावर बसवलं. साहेब म्हणाले, ‘दोघं मिटवून या, तोवर एक वीटही लावायची नाही.’ त्याला पाच आठवडे झाले. सेंट्रिंगचं भाडं चढतंय, पाऊस तोंडावर आलाय. एक मित्र म्हणतो थेट हायकोर्टात जा, दुसरा म्हणतो पोलिसांवरच दावा ठोक. पोलिसांनी आमच्या जागेत पाऊल ठेवू नये असा हुकूम कोर्टातून मिळेल का? मोजणी केलेली नाही, पण हद्द कुठे आहे ते सगळ्या गावाला ठाऊक आहे. ड्रोनची मोजणी मागे झाली होती, सनद आणायची राहिली.

एक वाचक, जि. सातारा

दादा, तुमचा प्रश्न पोलिसांबद्दल आहे, पण पत्र वाचताना मी अडखळले ते वडिलांपाशी. म्हणून तिथूनच सुरू करते.

गुन्हा दाखल नाही, नोटीस नाही, आणि ७१ वर्षांचा माणूस दिवसभर बाकड्यावर. १ जुलै २०२४ पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता लागू आहे. तिच्या कलम १७९ प्रमाणे एखाद्या गुन्ह्याच्या तपासात साक्षीदार म्हणून बोलवायचं झालं तरी लेखी आदेश लागतो. साठीच्या वरचा पुरुष असेल किंवा कोणत्याही वयाची बाई असेल, तर पोलिसांनी त्यांच्या घरी जाऊन विचारायचं असतं. आरोपी म्हणून बोलवायचं तर कलम ३५(३) ची नोटीस द्यावी लागते. तुमच्या वडिलांना यातलं काहीच मिळालेलं नाही. ‘साहेबांनी बोलावलंय’ हे कुठल्याही कायद्यातलं कलम नाही.

या बसवून ठेवण्याचा पुरावा आज ठाण्यातच आहे. परमवीर सिंग सैनी प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये देशभरातल्या सगळ्या पोलीस ठाण्यांत सीसीटीव्ही लावायला सांगितलं. चित्रीकरण अठरा महिने जपायचं, तेवढी सोय नसेल तर निदान एक वर्ष. तुमची घटना पाच आठवड्यांपूर्वीची आहे. त्या तारखेचं सकाळी सात ते रात्री आठपर्यंतचं चित्रीकरण जपून ठेवावं, असा अर्ज याच आठवड्यात द्या. एक प्रत ठाण्यात, एक उपविभागीय पोलीस अधिकाऱ्यांकडे, एक जिल्हा पोलीस अधीक्षकांकडे. तिन्ही प्रतींवर आवक शिक्का घ्या. ठाणे अंमलदार शिक्का मारायला कां-कूं करत असेल तर वाद घालत बसू नका, पोस्टात जाऊन पोचपावतीसह स्पीड पोस्टाने पाठवा. चित्रीकरण लगेच तुमच्या हातात पडणार नाही. पण उद्या वरच्या कोर्टात कुणी ‘अर्जदाराचे वडील स्वखुशीने आले, चहा घेऊन गेले’ असं प्रतिज्ञापत्र घातलं, तर हा शिक्का तुमच्या बाजूने बोलेल.

आता पोलिसांचं. रागाच्या भरात ‘पोलिसांना अधिकारच नाही’ असं मी म्हणणार नाही, कारण ते अर्धंच खरं आहे. अर्ज आला तर त्यांनी यायचं असतं, बघायचं असतं. दोन्हीकडचे लोक फावडी घेऊन समोरासमोर असतील तर त्यांना मध्ये पडावंच लागतं. पूर्वी गावात ज्याला ‘१४९ ची नोटीस’ म्हणायचे, म्हणजे गुन्हा करू नका अशी पोलिसांची ताकीद, ती आता नव्या संहितेच्या कलम १६८ खाली येते, आणि शांतता राखायचा बाँड घ्यायच्या ‘१०७’ चं १२६ झालंय. शांतता राखण्यासाठी हे सगळं त्यांना करता येतं. अगदी हद्दीच्या वादावरून डोकी फुटतील अशी धास्ती असेल तर जुन्या १४५ चं म्हणजे आताच्या १६४ चं कलमही आहे. पण त्यात पोलीस फक्त अहवाल पाठवतात. आदेश काढतात कार्यकारी दंडाधिकारी, म्हणजे तुमच्याकडे बहुधा तहसीलदार. तो आदेश लेखी असतो, दोन्ही बाजूंना म्हणणं मांडायला बोलावतात, आणि तहसीलदारही जागा कुणाची हे ठरवत नाहीत. प्रत्यक्ष ताबा कुणाचा, एवढंच बघतात.

चार फूट कुणाचे हे ठरवायचा आणि ‘मिटेपर्यंत वीट लावायची नाही’ असं सांगायचा अधिकार मात्र पोलिसांना कुठल्याच कलमाने दिलेला नाही. बांधकाम थांबवू शकतं ते परवानगी देणारं कार्यालय. गावठाणात ग्रामपंचायत, गावठाणाबाहेर बहुतेक ठिकाणी जिल्हाधिकारी. शहरात नगररचना कायद्याच्या कलम ५४ ची काम थांबवण्याची नोटीस येते, मुंबईत महापालिकेची ३५४-अ ची नोटीस तर चाळीतल्या पोरांनाही पाठ असते. नाहीतर मग दिवाणी कोर्ट थांबवू शकतं. पोलीस येतात ते या सगळ्यांच्या मागून, बंदोबस्ताला. तुमच्याकडे मागून यायचा माणूस पुढे आला, आणि त्याच्या पुढे कुणीच नव्हतं.

मिक्सरच्या हँडलचंही तेच. वस्तू जप्त करायची तर गुन्ह्याशी तिचा संबंध लागतो, पंच लागतात, पंचनामा लागतो, तुम्हाला पावती मिळायला हवी. यातलं काही झालं नसेल तर तुमच्या अर्जात साधी ओळ घाला: ‘अमुक तारखेस आमच्या मिक्सरचे हँडल नेले आहे, ते कोणत्या गुन्ह्यात व कोणत्या पंचनाम्याने जप्त केले याची प्रत मिळावी, अन्यथा हँडल परत मिळावे.’ माझा अंदाज सांगते, हँडल दोन दिवसांत परत येईल. जागेला कुलूप लावू अशी धमकी कुणी दिली तर आणखी एक लक्षात ठेवा. नेवाडा प्रॉपर्टीज विरुद्ध महाराष्ट्र राज्य या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २०१९ साली सांगितलं की तपासातल्या जप्तीच्या अधिकारात पोलिसांना स्थावर मिळकत जप्त करता येत नाही. जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या कलम १०२ वरचा तो निर्णय आहे, आणि तो आपल्याच राज्यातून गेलेल्या प्रकरणातला आहे.

इथवर वाचून तुम्हाला बरं वाटलं असेल. आता तुमच्या पत्रातली ती ओळ. ‘मोजणी केलेली नाही, पण हद्द कुठे आहे ते सगळ्या गावाला ठाऊक आहे.’

दादा, गाव कोर्टात येत नाही. आला तर सरपंच येतो, आणि उलटतपासात त्याला विचारलं की ‘तुमच्यासमोर टेप धरला होता का?’ की तो छताकडे बघतो. तुमच्या सगळ्या कागदांत हीच एक जागा ठिसूळ आहे, आणि चुलतभावाचा वकील बरोबर तिथेच बोट घालणार. खरेदीखतात चतुःसीमा असतील, ‘पूर्वेस अमक्याची जागा’. पण ती जागा कुठून सुरू होते, हे चतुःसीमेतून कळत नाही. घरपट्टीचा नमुना ८ कर आकारणीसाठी असतो, त्यावरून हद्द ठरत नाही. जुनं मातीचं घर होतं तेव्हा भिंतच हद्द होती. ते घर तुम्ही पाडलंत, त्याबरोबर खूणही गेली. पाडायच्या आधीचे फोटो आहेत का? लग्नातले, गणपतीतले, कसलेही? पूर्वेची भिंत मागे दिसत असेल असा एक फोटो शंभर साक्षीदारांच्या तोडीचा आहे. आईला विचारा, बायकांकडे असतात असले फोटो.

आणि ती सनद ‘आणायची राहिली’ म्हणता! केंद्राची स्वामित्व योजना २०२० साली आली, पण ड्रोनने गावठाण मोजायचा प्रयोग त्याआधी आपल्याकडे पुरंदर तालुक्यातल्या सोनोरीत झाला होता. शेताला सातबारा आणि नकाशा असतो, पण कित्येक गावठाणांत घराला नकाशाच नव्हता, म्हणून तर हे सगळं काढलं. ड्रोन उडवायच्या आधी हद्दींवर चुना मारतात. आता आठवा, तुमच्या पूर्वेच्या हद्दीवर चुना कुणी मारला? तेव्हा चुलतभाऊ कुठे उभा होता? चुना पडल्यावर चौकशी अधिकाऱ्यांपुढे हरकती मांडायला वेळ असतो, त्याने हरकत घेतली होती का? घेतली नसेल तर तुमचं अर्धं काम झालंय आणि तुम्हाला त्याचा पत्ताच नाही. सनद आणि मिळकत पत्रिका (प्रॉपर्टी कार्ड) दोन्ही काढा, भूमी अभिलेख कार्यालयातून नकाशाची प्रत घ्या. मिळकत पत्रिका म्हणजे मालकीचा अंतिम शब्द नाही, हेही ध्यानात असू द्या. पण अंतरिम अर्जावर न्यायाधीशांना काहीतरी हातात धरायला लागतं, आणि हे धरण्यासारखं आहे.

त्याच फेरीत हद्द कायम मोजणीचा अर्ज भरा. द्रुतगतीचे पैसे जास्त आहेत, तरी तेच भरा. सेंट्रिंगच्या भाड्यापुढे ते काहीच नाहीत. मोजणीत दोन फूट तुमच्या विरुद्ध निघाले तर? निघू शकतात. मग ते आज कळलेलं बरं, स्लॅब पडल्यावर कळलं तर तोडायचा खर्च वेगळा. ग्रामपंचायतीच्या परवानगीसोबत जोडलेला नकाशा आणि जागेवरचा चौथरा जुळतो का, तेही टेप लावून बघा. गवंडी ‘अर्धा फूट सरकवलं तर खोली मोठी होते’ म्हणतो आणि मालक हो म्हणतो, हे मी इतक्या वेळा पाहिलंय की आता विचारल्याशिवाय फाईलच उघडत नाही.

हायकोर्टाचं विचारलंत. भारतीय संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट करता येतं, आणि पोलीस कायदा सोडून वागत असतील तर हायकोर्ट त्यांना आवरतं. आता मुंबईही गाठायला नको. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापूरला सर्किट बेंच चालू आहे, सातारा जिल्हा त्यातच येतो. कराडहून सकाळची गाडी धरली तर कोर्ट बसायच्या आत पोचाल. पण आज तुम्ही तिथे गेलात तर काय होईल ते सांगते. सरकारी वकील उभे राहतील आणि म्हणतील, ‘महोदय, हद्दीचा वाद आहे, मोजणी झालेली नाही, आम्ही फक्त शांतता राखली.’ न्यायमूर्ती तुमच्या वकिलांना विचारतील, ‘दिवाणी दावा केलाय का?’ नाही म्हटलं की तुम्हाला तिकडे जायला सांगतील. पी. आर. मुरलीधरन यांच्या केरळच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २००६ साली हेच बजावलंय की पोलीस संरक्षणाचं रिट म्हणजे जागेचा हक्क ठरवून घ्यायची चोरवाट होऊ शकत नाही. हायकोर्ट टेप घेऊन हद्द मोजत नाही.

तुमच्या मूळ प्रश्नाचं उत्तर त्यामुळे असं. ‘पोलिसांनी आमच्या जागेत पाऊल ठेवू नये’ असा सरसकट हुकूम मिळत नाही, मिळूही नये. उद्या रात्री चुलतभावाच्या माणसांनी सेंट्रिंग ओढून पाडलं तर तुम्ही कुणाला फोन करणार? कोर्टाकडून मिळतं ते एवढंच की कायद्याने ठरवून दिलेल्या प्रक्रियेवाचून पोलिसांनी या बांधकामात ढवळाढवळ करू नये. हे एवढंसं वाटेल, पण तुमच्या बाबतीत जे घडलं ते सगळं प्रक्रियेवाचूनच घडलंय. चुलतभावाने पोलिसांत तक्रारच करू नये, असा मनाई हुकूमही मागू नका. विशिष्ट अनुतोष कायद्याच्या कलम ४१ ने ती वाट बंद आहे.

दुसऱ्या मित्राचा सल्ला, पोलिसांवर दावा. तो मला पहिल्यापेक्षा वाईट वाटतो. सरकार किंवा सरकारी अधिकारी प्रतिवादी केला की दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस आधी द्यावी लागते. तातडी असेल तर कोर्टाची परवानगी काढून नोटिशीशिवाय दावा लावता येतो, पण मग तेवढ्यावरच दोन तारखा जातात. वर सरकार पक्षकार झालं की दावा कनिष्ठ स्तराच्या दिवाणी न्यायाधीशांपुढे चालत नाही, वरिष्ठ स्तराकडे जातो. तुमचा पावसाळा या हेलपाट्यांतच निघून जाईल. भांडण चुलतभावाशी आहे, दावा चुलतभावावरच करा. पोलीस त्याच्या अर्जावर आले होते. अर्जातली हवा गेली की त्यांना यायचं कारण उरत नाही.

दाव्यात मागायचं काय, हे तुमचे वकील ठरवतील, तरी माझं मत देते. तुमच्याकडे खरेदीखत आहे, १९९८ पासूनचा ताबा आहे. चुलतभाऊ खरेदीखतच खोटं म्हणत असेल तर निव्वळ मनाई हुकुमाचा दावा अपुरा पडेल, हक्क ठरवून मागावा लागेल. अनाथुला सुधाकर या २००८ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने ही वाटणी नीट करून ठेवली आहे. पण तो खरेदीखत मानतो आणि फक्त चार फुटांचं म्हणतो, असं तुमच्या पत्रावरून दिसतंय. मग कायम मनाईचा दावा, त्यात तात्पुरत्या मनाईचा अर्ज, आणि जोडीला भूमी अभिलेखच्या मोजणीदाराला कोर्ट कमिशनर नेमून हद्द मोजून आणावी असा अर्ज. कोर्टाच्या हुकुमाने झालेली मोजणी चुलतभावालाही सहजासहजी झटकता येत नाही.

तात्पुरत्या मनाईला कोर्ट तीन गोष्टी तोलतं. प्रथमदर्शनी बाजू कुणाची, हुकूम दिला किंवा नाकारला तर जास्त अडचण कुणाची, आणि न भरून येणारं नुकसान कुणाचं. इथे वकील लोक सेंट्रिंगच्या भाड्यावर पानंच्या पानं लिहितात. भाडं पैशात भरून निघतं, न्यायाधीश तेच म्हणतात. त्यापेक्षा जुनं घर पाडून तुम्ही सगळे राहताय कुठे, हे लिहा. भाड्याच्या खोलीत असाल तर पावती लावा. पत्र्याच्या शेडमध्ये असाल तर फोटो लावा, ७१ वर्षांच्या वडिलांसकट.

आणि एक गोष्ट स्वतःहून करा, समोरच्याने मागायच्या आधी. वादातले चार फूट सोडून बाकीचं बांधकाम पुरं करू द्यावं, आणि निकाल विरुद्ध गेला तर बांधकाम झालंय या सबबीवर आम्ही हक्क सांगणार नाही, असं हमीपत्र द्या. पूर्वेची खोली आज अर्धवट राहील. राहू दे. स्लॅबला तिथे जोड कसा ठेवायचा ते इंजिनिअरला विचारा, सळया बाहेर काढून ठेवता येतात. असं हमीपत्र समोर आलं की न्यायाधीशांच्या मनावरचं अर्धं ओझं उतरतं, कारण त्यांना भीती असते ती हुकूम देऊन एकाचं घर दुसऱ्याच्या जागेत उभं राहायची. ‘सगळं मिळालं पाहिजे’ म्हणणाऱ्यांना ‘जैसे थे’ मिळतं, म्हणजे आज आहे तसंच, म्हणजे उघडा चौथरा आणि वर पाऊस. माझ्या वकिलीत सर्वांत जास्त घरं या दोन शब्दांनी अडवून ठेवली आहेत.

दाव्याआधीच कॅव्हेट टाकून ठेवा. चुलतभाऊ आधी कोर्टात गेला तर तुम्हाला ऐकल्याशिवाय हुकूम निघू नये यासाठी ते असतं, नव्वद दिवस चालतं. खर्च किरकोळ आहे आणि हे काम उद्याचं उद्या होण्यासारखं आहे.

हुकूम मिळाला की त्याची प्रमाणित प्रत ठाण्यात नेऊन द्या, पुन्हा आवक शिक्का. यानंतर चुलतभाऊ आडवा आला तर दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश ३९ च्या नियम २-अ प्रमाणे मिळकत जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे. आणि गंमत म्हणजे, याच टप्प्यावर त्याच दिवाणी संहितेच्या कलम १५१ खाली अर्ज करून कोर्टाकडून तुम्हालाच पोलीस बंदोबस्त मागता येतो. माझी एक पक्षकार होती, दोन मुलींची आई, नवरा गेलेला. तिच्या कुंपणाच्या भिंतीचं काम एका हवालदाराने तीनदा बंद पाडलं होतं. हुकूम झाला, बंदोबस्ताचे पैसे भरले, आणि बंदोबस्ताला आला तो तोच हवालदार. दिवसभर कडुलिंबाखाली खुर्ची टाकून बसला. दुपारी तिने त्याला चहा दिला. मी तिला विचारलं, ‘राग नाही आला?’ ती म्हणाली, ‘तेव्हा त्याच्या हातात कागद नव्हता ताई, आता आहे.’ एवढ्या वर्षांत या विषयावर याहून नेमकं मी कुणाकडून ऐकलेलं नाही.

दिवाणी हुकूम हातात असताना पोलीस पुन्हा आले, काम थांबवलं, वडिलांना उचललं, तर मात्र कोल्हापूरची गाडी पकडा. तेव्हा सरकारी वकिलांकडे ‘आम्ही शांतता राखली’ एवढंच उत्तर उरणार नाही, कारण राखायची शांतता काय आहे ते कोर्टाने सांगून ठेवलेलं असेल. कुणी घाईघाईने तहसीलदारांपुढे १६४ चं प्रकरण उभं केलं तरी घाबरू नका. दिवाणी कोर्टात ताब्याचा प्रश्न चालू असताना तेच भांडण दंडाधिकाऱ्यांकडे समांतर चालवू नये, हे राम सुमेर पुरी महंत प्रकरणात १९८५ सालीच ठरलंय. दिवाणी वादाला फौजदारी रंग देण्यावर सर्वोच्च न्यायालय अलीकडे फारच चिडलेलं असतं. एप्रिल २०२५ मध्ये कानपूरच्या एका गोदामाच्या व्यवहारातून असा गुन्हा नोंदवला म्हणून उत्तर प्रदेश सरकारला पन्नास हजारांचा भुर्दंड बसला. हे तुम्हाला धीर यावा म्हणून सांगितलं. पन्नास हजारांची स्वप्नं बघू नका.

आता थोडं कडक बोलते. पुन्हा पोलीस आले तर ‘लेखी आदेश दाखवा, नाहीतर हे लेखी द्या’ एवढं एकदाच म्हणा, शांतपणे, मोबाईल चालू ठेवून. अंगाला हात लावायचा नाही, गाडीपुढे आडवं पडायचं नाही, घरातल्या तरण्या पोरांना त्या दिवशी रानात पाठवून द्या. भारतीय दंड संहितेचं जुनं ३५३, आताचं भारतीय न्याय संहितेचं १३२, सरकारी कामात बळाने अडथळा. ते एकदा लागलं की चार फुटांचा वाद राहतो बाजूला आणि तुम्ही जामिनाच्या मागे. रात्रीत स्लॅब ओतून टाकायचा सल्लाही कुणीतरी देईलच. ऐकू नका, हमीपत्र देणाऱ्या माणसाला ते शोभत नाही आणि न्यायाधीशांच्या कानावर जातंच. ठाण्यात बसून कुठल्याही ‘तडजोडनाम्या’वर सही करू नका, वडिलांना तर चष्म्याशिवाय कागदाला हातही लावू देऊ नका. मिटवायचंच असेल तर गावात बसा, तंटामुक्तीचे अध्यक्ष असतील, भावकीतलं कुणी वडीलधारं असेल. पण जे ठरेल ते वकिलाकडून लिहून घ्या आणि नकाशा जोडा.

चुलतभावाने अदखलपात्र तक्रार, म्हणजे एनसी, दिली असं कळलं तरी धसका घेऊ नका. दंडाधिकाऱ्यांच्या हुकुमाशिवाय पोलिसांना तिचा तपासही करता येत नाही. त्यांच्या वागण्याबद्दल वेगळी तक्रार करायची तर अधीक्षक आहेत, राज्य पोलीस तक्रार प्राधिकरणही आहे. ती जरूर करा, फक्त घर पुरं होण्याशी तिची गाठ घालू नका. तिचा वेग वेगळा असतो.

राहिला पाऊस. सेंट्रिंगवाल्याला सांगून प्लेटा उतरवून ठेवा, भाडं थांबेल. तारीख मिळाली की दोन दिवसांत परत लागतात. उघड्या सळयांना सिमेंटची स्लरी मारून घ्या, गवंडी सांगेल कशी ते. आणि मोजणीची तारीख आली की भूमी अभिलेखची नोटीस चुलतभावाला जाईलच, तरी आदल्या संध्याकाळी तुम्ही स्वतः त्याला फोन करा. खुंट्या ठोकताना तो तिथे उभा असायला हवा, आणि त्या दिवशी वडिलांसाठी घरून एक खुर्ची न्या.